लग्नाचा खर्च: कशावर करावा, कशावर नको? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नात्यातल्या आणि ओळखीतल्या लग्नांच्या हिशेबाची वही सांभाळायचं काम कधीतरी माझ्याकडे आलं आणि मग माझ्याकडेच राहिलं. त्यामुळे लग्न ठरलं की लोक मला प्रश्न पाठवतात. बहुतेक रात्री अकरानंतर, आणि बहुधा हॉलचे पैसे भरून झाल्यावर. पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. सुरुवातीला साधे आहेत, पुढे अडचणीचे. एखादी गोष्ट दुसऱ्या उत्तरात आली असेल तर तिथला क्रमांक दिला आहे.

१. आधी बजेट ठरवायचं, आधी हॉल बघायचा की आधी पाहुण्यांची यादी करायची?

यादी आणि रक्कम एकाच बैठकीत ठरवा, हॉल त्यानंतर. बहुतेक घरांत हे नेमकं उलटं होतं. पाचशे माणसांचा हॉल आवडतो, तो घेतला जातो आणि मग रिकाम्या खुर्च्या बघवत नाहीत म्हणून यादी पाचशेपर्यंत फुगते.

लग्नाचे खर्च दोन जातींचे असतात. जेवण, खुर्ची, पत्रिका, पाणी, राहण्याची सोय, गाड्या लावायची जागा हे माणशी वाढतात. फोटोग्राफर, कपडे, अंगठ्या, ध्वनियंत्रणा हे ठोक असतात, माणसं शंभर असोत की चारशे. कागदावर दोन रकाने पाडून प्रत्येक खर्च कुठल्या रकान्यात बसतो ते लिहा. तेवढ्यानेच अर्धं चित्र स्पष्ट होतं.

२. लग्नावर एकूण किती खर्च करणं 'योग्य' म्हणायचं?

उत्पन्नाच्या इतके टक्के असा काही नियम नाही. कोणी सांगत असेल तर तो बहुधा काहीतरी विकतो आहे. मी उलट्या बाजूने मोजते. हाताशी असलेल्या पैशातून आधी सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला काढा. लग्नानंतर लगेच लागणारे पैसे, म्हणजे घराची अनामत, सामान, कोणाचं राहिलेलं शिक्षण, तेही काढा. उरलं ते लग्नाचं. त्यातलाही दहावा हिस्सा हातचा ठेवा आणि तो कुठल्याच रकान्यात लिहू नका. शेवटच्या आठवड्यात तो कुठे गेला हे कोणालाच सांगता येत नाही, पण जातो हे नक्की.

उरलेली रक्कम फारच कमी वाटली तर कर्जाचा विचार मनात येतो. त्यासाठी प्रश्न ११ पाहा.

३. एखादा खर्च करण्यासारखा आहे की वाया जाणारा, हे ओळखायची काही कसोटी आहे का?

मी एकच प्रश्न विचारते: हे नसतं, तर कोणाला, केव्हा आणि किती वेळ जाणवलं असतं?

उत्तर माणसांत आणि मिनिटांत द्यायचं. 'छान दिसतं' हे उत्तर धरायचं नाही. खुर्च्यांवरची कापडी आवरणं नसती, तर कोणालाही, कधीही जाणवलं नसतं. बसायला खुर्चीच नसती, तर साठीच्या पुढच्या प्रत्येकाला तासभर जाणवलं असतं. प्रवेशद्वारावरची फुलांची कमान माणूस चालता चालता चार सेकंद बघतो. मुख्य विधी चालू असताना मागच्या रांगांना काही ऐकू येत नसेल, तर अर्ध्या सभागृहाचं लग्न तिथेच संपतं आणि गप्पा सुरू होतात.

या कसोटीचा फायदा असा की ती चवीबद्दल बोलत नाही. घरात भांडणं होतात ती आवडीनिवडीवरून. 'मला गुलाबी आवडतं' याला उत्तर नसतं. 'गुलाबी नसलं तर कोणाला कळेल?' याला असतं.

एक सूट मात्र द्यावीच लागते. नवरा-नवरीला स्वतःला आयुष्यभर जाणवणार असेल, तर पाहुण्यांना कळो न कळो, तो खर्च रास्त. अशी सूट मी प्रत्येकाला एकेकच देते. एकाला वाद्यवृंद हवा असतो, दुसरीला आजीसाठी वेगळी गाडी. यादीत अशा दहा सवलती निघाल्या तर त्या सवलती राहिल्या नाहीत.

४. मग हात आखडता कुठे घेऊच नये?

शरीराला जाणवतं तिथे. भूक, तहान, पाय, कान, ऊन आणि स्वच्छतागृह. पाहुणा घरी जाऊन सजावटीबद्दल एक वाक्य बोलतो आणि जेवणाच्या रांगेबद्दल दहा.

रांगेचं गणितच बघा. वाढून घ्यायला एकेका माणसामागे ३० सेकंद लागतात असं धरा. ३०० माणसं आणि एकच रांग, तर शेवटच्या माणसाच्या हातात ताट यायला १५० मिनिटं, म्हणजे अडीच तास. तेच पदार्थ दोन टेबलांवर मांडले आणि दोन्ही बाजूंनी वाढून घेता आलं, तर चार रांगा होतात आणि काम ३८ मिनिटांत आटोपतं. खर्च वाढतो तो थोड्या भांड्यांचा आणि दोन वाढप्यांचा. याउलट दोन पदार्थ वाढवले तर खर्च माणशी वाढतो आणि प्रत्येकजण जास्त वेळ थांबल्यामुळे रांगही लांबते. पदार्थ कमी, रांगा जास्त, हे सूत्र मी केटररला पहिल्याच भेटीत सांगते. तो थोडा हिरमुसतो.

स्वच्छतागृह किती आहेत हे हॉल बघताना मोजा. मोजणारं कोणी मला अजून भेटलेलं नाही. त्या दिवशी मात्र सगळेच मोजतात.

तिसरा खर्च म्हणजे त्या दिवशी धावपळ करणारा एक भाडोत्री माणूस. ज्याच्याकडे सगळ्यांचे फोन नंबर आणि वेळापत्रक आहे आणि जो नातेवाईक नाही, असा. तो नसेल तर हे काम नवरीच्या भावाला करावं लागतं आणि त्याच्या वाट्याला लग्न येतच नाही.

५. खर्च कमी करायचा तर यादी कापा म्हणतात, पण मग नाती दुखावतात. काय करावं?

आधी यादी कापण्याचं वजन समजून घ्या. एकूण खर्चातला ६० टक्के भाग माणशी आहे असं धरा. यादी ३०० वरून २४० केली, म्हणजे पाचातला एक माणूस कमी केला, की एकूण खर्च १२ टक्क्यांनी उतरतो. फुलांवर ८ टक्के जात असतील आणि ती निम्मी केली, तर ४ टक्के वाचतात. सजावटीवर महिनाभर डोकं फोडून जे मिळत नाही ते यादीत एका संध्याकाळी मिळतं. म्हणून सगळे यादीकडे बोट दाखवतात.

तरीही यादीला कात्री लावण्याआधी मी माणशी खर्चाला लावते. त्याला कारण आहे. अमेरिकेतल्या एमरी विद्यापीठातले अर्थतज्ज्ञ अँड्र्यू फ्रान्सिस आणि ह्यूगो मिआलॉन यांनी २०१४ मध्ये एक अभ्यास मांडला. विवाहित किंवा पूर्वी विवाहित असलेल्या तीन हजारांहून जास्त अमेरिकनांना त्यांनी लग्नाबद्दल विचारलं होतं. लग्नावर आणि अंगठीवर जास्त खर्च केलेल्यांमध्ये घटस्फोटाचं प्रमाण जास्त दिसलं, आणि जास्त माणसं आलेल्या लग्नांमध्ये कमी. यावरून गर्दी जमवली की संसार टिकतो असं सिद्ध होत नाही. ज्यांच्यामागे माणसं उभी असतात त्यांच्याच लग्नाला माणसं येतात, असंही असेल. पण 'माणसं कमी, थाट जास्त' या सध्याच्या कलाला हा अभ्यास पाठिंबा देत नाही, एवढं खरं.

म्हणून क्रम असा: साधं जेवण, साधी पत्रिका, साधी जागा. एवढं करूनही आकडा बसत नसेल तर यादी. आणि यादी कापताना माणसं बघून कापू नका, नियम करा. 'गेल्या दोन वर्षांत ज्यांच्याशी आपण स्वतःहून बोललो ते' किंवा 'चुलत-मावस भावंडांपर्यंत, त्यापुढे नाही'. नियम कुठलाही चालेल, फक्त दोन्ही घरांना तोच हवा. लोक न बोलावल्याने जेवढे दुखावतात त्याहून जास्त, शेजारच्याला बोलावलं आणि मला नाही, याने दुखावतात. नियमाला एक अपवाद केलात की तो अपवाद गावभर होतो.

६. फोटो आणि व्हिडिओ दोन्ही हवेत का? ड्रोन, लग्नाआधीचं शूटिंग, जाडजूड ॲल्बम?

पैसे एकाच्याच असतील तर फोटो. ते बघितले जातात, फ्रेममध्ये लागतात, पाठवले जातात. तीन तासांचा व्हिडिओ एकदा बघितला जातो, तोही पुढे ढकलत. पण व्हिडिओत एक गोष्ट असते जी फोटोत येत नाही, ती म्हणजे आवाज. आजोबांचं दोन मिनिटांचं बोलणं वीस वर्षांनी तुम्हाला कुठल्याही ड्रोनपेक्षा मोलाचं वाटेल. त्यासाठी मोठं पथक लागत नाही. एक स्थिर कॅमेरा आणि बोलणाऱ्याच्या कपड्यांना लावलेला छोटा माइक पुरतो.

फोटोग्राफर निवडताना त्याने दाखवलेले निवडक तीस फोटो बघून भुलू नका. एका लग्नाचे सुरुवातीपासून शेवटपर्यंतचे सगळे फोटो मागा. खरी परीक्षा कमी उजेडात आणि धावपळीत होते. करारात चार गोष्टी हव्यात: प्रत्यक्ष कोण येणार (संस्थेचं नाव एकाचं आणि कॅमेरा दुसऱ्याच्या हातात, हे नेहमीचंच), किती तास, संपादित फोटो किती, आणि किती दिवसांत मिळणार. माझ्या स्वतःच्या लग्नात यातली चौथी गोष्ट लिहून घेतली नव्हती. ॲल्बम आला तेव्हा मुलगी रांगायला लागली होती.

ॲल्बम नंतरही करता येतो, म्हणून पॅकेजमधून तो काढून भाव विचारा. फोटो हातात आले की तीन प्रती करा, दोन वेगळ्या प्रकारच्या साठवणीवर, आणि त्यातली एक दुसऱ्या घरी ठेवा. अख्ख्या लग्नावर जेवढा खर्च झाला त्याच्या तुलनेत हा खर्च इतका किरकोळ आहे की लोक तो विसरतात.

७. फुलं आणि सजावट किती करावी?

कॅमेरा जिथे सगळ्यात जास्त वेळ रोखलेला असेल तिथे, म्हणजे विधी होतो त्या जागेच्या मागे. बाकी सगळीकडे उजेडाकडे लक्ष द्या. पांढरट नळ्यांच्या प्रकाशात महाग फुलंही शिळी दिसतात, आणि पिवळ्या उबदार दिव्यांत साधं कापडही खुलतं. त्या दिवसांत जी फुलं भरपूर येतात तीच घ्या. बिगरहंगामी फुलांमध्ये तुम्ही विमानभाडं देता.

८. हिऱ्याच्या अंगठीवर दोन पगार खर्च करावेत हा नियम खरा आहे का?

तो नियम जाहिरातीने केला. डी बीअर्स या हिरे कंपनीसाठी 'हिरा शाश्वत आहे' या अर्थाची घोषणा १९४७ मध्ये फ्रान्सिस गेरेटी या जाहिरात-लेखिकेने लिहिली. पुढे १९८० च्या दशकात त्याच कंपनीच्या अमेरिकेतल्या जाहिरातींनी दोन महिन्यांच्या पगाराचं माप लोकांच्या गळी उतरवलं. विकणाऱ्याने गिऱ्हाइकाचं बजेट ठरवून दिल्याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही.

हिरा घ्यायचाच असेल तर दोन गोष्टी ध्यानात ठेवा. कॅरट हे वजन आहे, १ कॅरट म्हणजे ०.२ ग्रॅम. गोल आकडा ओलांडला की कॅरटमागचा भावच उडी मारतो. १ कॅरटच्या गोल हिऱ्याचा व्यास साधारण ६.५ मिलिमीटर असतो आणि ०.९ कॅरटचा त्याहून जेमतेम पाव मिलिमीटरने कमी. बोटात घातल्यावर हा फरक कोणाला दिसत नाही, बिलात दिसतो. दुसरी गोष्ट, प्रयोगशाळेत केलेला हिरा खोटा नसतो. तोही कार्बनचाच स्फटिक असतो. जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या शास्त्रज्ञांनी असे हिरे १९५४ मध्येच बनवले होते, उद्योगासाठी. आज दागिन्यांचे हिरेही तसे होतात आणि खाणीतल्यापेक्षा खूप स्वस्त मिळतात. परत विकायला गेलात तर दोन्हींत घट बसते, म्हणून 'गुंतवणूक' हा शब्द ऐकलात की दुकानाबाहेर या.

सोन्याचं वेगळं आहे. २२ कॅरटमध्ये ९१.६ टक्के शुद्ध सोनं असतं, १८ कॅरटमध्ये ७५ टक्के, आणि त्याला त्या दिवसाचा भाव मिळतो. घडणावळ मात्र परत मिळत नाही. म्हणून नक्षीकाम जितकं जास्त तितके बुडालेले पैसे जास्त. नक्षी आवडली म्हणून घ्यायला हरकत नाही, फक्त ती हौसेच्या रकान्यात लिहा.

९. एकदाच घालायच्या कपड्यांवर एवढे पैसे का घालायचे?

घालू नका, असं म्हणायला सोपं आहे. पण त्या दिवशीच्या प्रत्येक फोटोत ते कपडे असतात, त्यामुळे प्रश्न ३ च्या कसोटीवर ते चक्क उत्तीर्ण होतात. पैसा कापडापेक्षा शिलाईत घाला. मापात बसलेलं साधं वस्त्र ढगळ महागड्या वस्त्राहून उजवं दिसतं. ज्यात तुम्ही बसू, जेवू आणि दोन्ही हात वर करू शकता तेच घ्या. दुकानात तिन्ही करून बघा, लाजू नका.

एकदाच घालायचं वेगळं वस्त्र ही फार जुनी परंपरा आहे, असं वाटतं. युरोपात तरी ती तशी नव्हती. १८४० मध्ये व्हिक्टोरिया राणीने लग्नात पांढरा पोशाख घातला आणि मग ती टूम पसरली. त्याआधी बहुतेक मुली जवळचा सगळ्यात चांगला पोशाख घालत, कुठल्याही रंगाचा, आणि पुढे वर्षानुवर्षं वापरत. भाड्याने आणणं किंवा घरातलं जुनं वस्त्र नव्याने बेतून घेणं यात कमीपणा मानायचं कारण नाही.

१०. 'लग्न' म्हटलं की सगळे भाव वाढवतात का? वाढदिवस आहे असं खोटं सांगावं का?

भाव वाढतो, हे खरं. त्यातला काही भाग निव्वळ संधिसाधूपणा असतो, काही रास्त असतो. वाढदिवसाचा केक अर्धा तास उशिरा आला तर हसून सोडून देता येतं. लग्नात पुन्हा संधी नसते, म्हणून ते लोक जादा माणूस, जादा कॅमेरा, जादा वेळ धरून ठेवतात. खोटं सांगितलंत तर नेमकी तीच तयारी तुम्हाला मिळणार नाही.

त्यापेक्षा उक्ता आकडा घेऊ नका, फोड मागा. माणसं किती, तास किती, वाहतूक किती, कर धरून की वेगळा, तास वाढले तर दर काय. फोड करून मागितली की निम्म्या वेळा आकडा आपोआप खाली येतो. आडदिवशी किंवा गर्दी नसलेल्या महिन्यात लग्न ठेवलं तर घासाघीस न करताच भाव उतरतो. मात्र परगावच्या पाहुण्यांना रजा काढावी लागते, तो खर्च तुमच्या वहीत दिसत नसला तरी कोणाच्या तरी वहीत असतो. पॅकेजचंही हेच. त्यातल्या ज्या गोष्टी तुम्ही सुट्या घेतल्याच नसत्या, त्यांची किंमत शून्य धरून तुलना करा.

११. कर्ज काढून लग्न करावं का?

मी नको म्हणते, आणि ते ऋण काढून सण करू नये या म्हणीपोटी नाही, आकडेमोडीपोटी. १२ टक्के व्याजाने ५ वर्षांसाठी १०० घेतले तर हप्ते मिळून साधारण १३३ परत जातात. म्हणजे लग्नातली प्रत्येक गोष्ट तिच्या किमतीहून एक तृतीयांश महाग. ३ वर्षांत फेडलं तरी सुमारे १२० जातात. वर तो हप्ता नव्या संसाराच्या पहिल्या दिवसापासून सुरू होतो, जेव्हा घर लावायचं असतं आणि दोघांना एकमेकांच्या पैशाच्या सवयी कळायच्या असतात. प्रश्न ५ मधल्या अभ्यासात खर्चिक लग्न आणि नंतर कर्जाचा ताण यांचाही संबंध दिसला होता.

एक अपवाद मला मान्य आहे. पैसे येणार हे पक्कं आहे, तारीखही माहीत आहे, पण ती लग्नानंतर महिन्या-दोन महिन्यांची आहे. मुदतठेव मोडण्यापेक्षा तेवढ्यापुरती उचल घेणं कधीकधी स्वस्त पडतं. 'आहेर येईल त्यातून फेडू' हा मात्र पक्का पैसा नव्हे. जो आकडा अजून कोणी लिहिलेला नाही त्यावर हप्ता बांधू नका.

१२. पैसे आईवडील देत आहेत, मग निर्णय कोणाचा?

देणाऱ्याला मत असतं, हे आधी मान्य करा. मग खर्चाचं वाटप रकमेऐवजी बाबींनी करा. 'आम्ही इतके टाकतो, तुम्ही इतके टाका' असं झालं की प्रत्येक फुलात सगळ्यांचा वाटा राहतो. 'जेवण आमच्याकडे, फोटो आणि कपडे तुमच्याकडे' असं केलं की ज्याची बाब त्याचा निर्णय. आईला जेवणात दोन गोड पदार्थ हवे असतील तर ते तिच्या रकान्यात, तिथे मुलाने तोंड घालायचं नाही.

दोन्ही घरांची ऐपत वेगळी असेल तर आकडा कमी ऐपतीच्या घराला झेपेल असा ठरवा. उलट केलं तर एक घर मिंधं होतं आणि ते लग्नानंतरही संपत नाही. 'हौस आमची आहे, पैसे आम्ही देतो' हे प्रेमाने म्हटलं तरी समोरच्याला ऐकायला जड जातं. म्हणायचंच असेल तर एकट्यात, आणि एकदाच.

१३. इसार देऊन बसलोय, पण आता ते नकोसं वाटतंय. दिलेले पैसे बुडतील म्हणून पुढे जावं का?

गेलेला इसार दोन्हीकडे गेलेलाच आहे. आता तुलना फक्त उरलेल्या पैशांची. समजा १०० पैकी ३० इसार दिलाय: उरलेले ७० देऊन नकोशी गोष्ट घ्यायची, की ते ७० दुसरीकडे वापरायचे?

हे कळतं पण वळत नाही, आणि तो सगळ्यांचाच स्वभाव आहे. मानसशास्त्रातले संशोधक हॅल आर्क्स आणि कॅथरीन ब्लूमर यांनी अमेरिकेतल्या ओहायो विद्यापीठाच्या नाट्यगृहात एक प्रयोग केला होता, तो १९८५ मध्ये प्रसिद्ध झाला. हंगामाचं तिकीट काहींना पूर्ण किमतीला मिळालं, काहींना अचानक सवलतीत. नाटकं तीच, पण हंगामाच्या पहिल्या अर्ध्यात पूर्ण पैसे भरलेले लोक जास्त नाटकांना गेले. भरलेले पैसे माणसाला ओढून नेतात, हवं असो वा नसो.

रद्द करण्याआधी दोन गोष्टी विचारा: इसार दुसऱ्या सेवेत वळता करता येईल का, आणि तीच तारीख दुसऱ्या कोणी घेतली तर काही परत मिळेल का. विचारलं तर मिळतं. न विचारता कोणी स्वतःहून देत नाही.

१४. आत्ता लहानसं लग्न करून नंतर मोठा समारंभ केला तर स्वस्त पडेल ना?

बहुधा महाग. ठोक रकान्यातले खर्च दोनदा होतात: हॉल, ध्वनियंत्रणा, फोटो, कपडे. परगावचे पाहुणे 'कुठल्याला यायचं?' असं विचारतात आणि शेवटी दोन्हींना येतात. तारीख लांबणार असेल, एखादं आजारी माणूस असेल किंवा परदेशी जायचं असेल तर वेगळं करणं भागच आहे. मग दुसरा कार्यक्रम नुसतं जेवण ठेवा, व्यासपीठ नको. व्यासपीठ आलं की लग्नाचा सगळा लवाजमा त्याच्यामागून येतो.

१५. पत्रिका आणि पाहुण्यांना द्यायच्या भेटवस्तू?

जाड कागदाच्या पत्रिका फक्त घरातल्या वडीलधाऱ्यांसाठी, मोजून. बाकीच्यांना फोनवर पाठवा आणि मग खरोखर फोन करा, कारण 'आम्हाला नुसता मेसेज आला' ही तक्रार कागदाबद्दल नसते. भेटवस्तू प्रश्न ३ च्या कसोटीवर पहिल्याच फेरीत बाद होतात.

१६. लग्न पुढे ढकलावं लागलं तर? विमा काढावा का?

२०२० मध्ये ज्यांची लग्नं अडकली त्यांना एक शब्द महागात पडला. करारात 'रद्द केल्यास' असं लिहिलेलं होतं, 'पुढे ढकलल्यास' याबद्दल काहीच नव्हतं. दोन्हींच्या अटी वेगळ्या लिहून घ्या, आणि आवाक्याबाहेरच्या कारणाने तारीख बदलली तर इसार किती महिने ग्राह्य धरणार हेही. विमा मिळत असेल तर हप्ता बघण्याआधी काय धरलेलं नाही ते वाचा. मन बदललं म्हणून मोडलेलं लग्न सहसा त्यात बसत नाही. गुंतलेली रक्कम बुडाली तर घर हलेल एवढी असेल तरच काढा.

१७. हात राखून खर्च केला आणि नंतर पस्तावलो तर?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, बहुतेक वेळा दुसऱ्या प्रश्नाच्या शेपटीला जोडून.

आठवण खर्चाच्या प्रमाणात राहत नाही. मानसशास्त्रज्ञ डॅनियल कानेमान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगात लोकांना हात गार पाण्यात बुडवायला लावले होते. एकदा १४ अंश सेल्सिअसच्या पाण्यात ६० सेकंद. दुसऱ्यांदा तेच ६० सेकंद आणि वर ३० सेकंद, फक्त त्या वेळात पाणी हळूहळू १५ अंशांपर्यंत नेलं. पुन्हा करायचं तर कुठलं, असं विचारल्यावर बहुतेकांनी लांबलेलं निवडलं, कारण त्याचा शेवट जरा बरा होता. मनात राहतात ते परमोच्च क्षण आणि शेवट. मधला काळ पुसट होतो.

लग्नाला ते तसंच्या तसं लागू करा असं मी म्हणणार नाही, पण माझ्या वहीत दिसतं ते याच्याशी जुळतं. लोकांनी सगळा पैसा प्रवेशद्वारावर ओतलेला असतो आणि शेवटी थकलेली नवरी हॉलच्या दारात हिशेबाचे कागद घेऊन उभी असते. म्हणून शेवटच्या तासासाठी थोडे पैसे वेगळे काढा: परतीच्या गाड्या वेळेवर, वडीलधाऱ्यांना दारापर्यंत सोडायला माणूस, देणी चुकती करायला घरातलं एक शांत डोकं, आणि नवरा-नवरीसाठी गरम जेवणाची दोन ताटं झाकून. दोघं त्या दिवशी जेवलेलेच नसतात.

१८. लग्न आठ दिवसांवर आलंय आणि पैसे संपलेत. आता काय कापू?

आता माणशी खर्चाला हात लावू नका, निमंत्रणं गेली आहेत. ज्यांचे पूर्ण पैसे अजून दिलेले नाहीत अशा ठोक बाबी बघा. हा माझा क्रम: भेटवस्तू, फुलांची कमान, ड्रोन, छापील ॲल्बम (फोटो ठेवा, ॲल्बम पुढच्या वर्षी), दुसरा पोशाख, फटाके आणि धुराची यंत्रं. केटररकडे पाहुण्यांचा नक्की आकडा आजच कळवा. 'पाचशेच्या आसपास' म्हणालात तर तो पाचशे धरतो. प्रत्यक्ष फोन करून मोजलंत तर बहुतेक वेळा आकडा खाली येतो.

एवढं करूनही भागत नसेल तर घरातल्या एका माणसाला खरं सांगा. सगळ्यांना नको, एकालाच. बहुतेक घरांत एक मामा किंवा मावशी असते जिने असा प्रसंग गृहीत धरून काही बाजूला ठेवलेलं असतं आणि कोणी विचारायची वाट बघत असते.